एकोणसाठची भानगड

चाळिसाव्या सोहळ्याची स्मरणिका लिहायचं काम माझ्या गळ्यात पडलं, कारण ऑफिसात माझ्याइतकं जुनं दुसरं काही उरलेलं नव्हतं. एक लोखंडी कपाट आहे, पण त्याला लिहिता येत नाही. मॅडमनी मला केबिनमध्ये बोलावलं आणि स्वतः उठून खुर्ची पुढे केली, तेव्हाच मी समजले की काहीतरी डोक्यावर बसणार आहे.

"ताई, चाळीस वर्षांचा इतिहास लिहा," मॅडम म्हणाल्या. "पण लोक वाचतील असा. आकडे कमी, गमती जास्त."

"मॅडम, लोकांची मतं मोजून गाण्यांना बक्षीस देतो आपण. आकडे काढले तर उरतं काय?"

"ते तुम्ही बघा. तुम्ही सगळं पाहिलंय."

सगळं काही मी पाहिलेलं नाही. मी आले बाराव्या वर्षी. पण आधीच्या अकरा वर्षांच्या गोष्टी मी काकांच्या तोंडून इतक्या वेळा ऐकल्यात की आता त्या मला आठवायलाही लागल्यात.

काका म्हणजे रेडिओ दुरुस्त करणारे काका. त्यांच्या दुकानात दिवसभर गाणी चालू असायची आणि यंदाचं सगळ्यात चांगलं गाणं कुठलं यावरून गिऱ्हाइकं दिवसभर भांडायची. भांडणाला वैतागून काकांनी काउंटरवर बुटांचा रिकामा खोका ठेवला, झाकणाला चीर पाडली आणि वर पाटी लावली, 'तोंड बंद ठेवा, चिठ्ठी टाका.' वर्षअखेरीस खोक्यात दोनशे बारा चिठ्ठ्या निघाल्या. त्यातल्या चाळीस एकाच हस्ताक्षरात होत्या. एका गायकाच्या सासूबाईंनी जावयासाठी हात दुखेपर्यंत लिहिल्या होत्या. काकांनी त्या बाद केल्या आणि सासूबाईंना मान म्हणून पहिल्या रांगेत बसवलं. हा आमचा पहिला सोहळा. शाळेच्या चित्रकलेच्या वर्गात झाला.

बक्षीस म्हणून काकांनी ओळखीच्या लेथवाल्याकडून पोलादाचा ट्यूनिंग फोर्क करून घेतला होता, म्हणजे सूर जुळवायला वापरतात तो दोन पायांचा काटा, चांगला हातभर उंच. जिंकलेल्या मुलीच्या आईने तो उलटसुलट करून पाहिला आणि विचारलं, "एवढा मोठा चिमटा कशाला?" तेव्हापासून तो चिमटाच. कागदोपत्री त्याचं नाव वेगळं आहे, फार भारदस्त आहे आणि कोणाच्याही लक्षात राहत नाही. सातव्या वर्षी दोन गाण्यांना अगदी सारखी मतं पडली आणि चिमटा तर एकच होता. काकांनी तो करवतीने मधोमध कापून दोघांना एकेक पाय दिला. ते दोघे पुढे वीस वर्षं एकमेकांशी बोलले नाहीत, पण आपापला पाय दोघांनीही जपून ठेवलाय.

मग दुकान अपुरं पडायला लागलं. गाण्यांच्या एका साप्ताहिकाने सोहळा हातात घेतला, चिठ्ठ्यांची पोस्टकार्डं झाली, पोस्टकार्डांचे फोन झाले, फोनचे मेसेज झाले आणि आता अ‍ॅप आहे. काका मात्र शेवटपर्यंत मतमोजणीचे मुख्य राहिले. त्यांचा एक नियम होता. आकडा अंकात लिहायचा नाही, अक्षरात लिहायचा. "अंकाला शेपूट फुटतं," ते म्हणायचे. "एकाचा नऊ होतो. अक्षराला कोणी हात लावत नाही." एकेका गाण्याची कार्डं मोजून झाली की काका चिठ्ठीवर अक्षरात आकडा लिहायचे, मोठ्याने वाचायचे, आणि मग मदतनीस तो तक्त्यात अंकात मांडायचा. बाराव्या वर्षापासून ती मदतनीस मी होते.

बारावं वर्ष माझ्या आयुष्यात दोन कारणांनी महत्त्वाचं आहे. त्या वर्षी मी नोकरीला लागले आणि त्या वर्षी आमचे हे हरले.

ह्यांचं आता चष्म्याचं दुकान आहे, पण तेव्हा हे गायचे. गिटार घेऊन, स्वतःची गाणी स्वतःच लिहून. त्या वर्षी ह्यांचं 'लिफ्ट बंद आहे' हे गाणं पोराटोरांच्या तोंडी होतं. पाचव्या मजल्यावरच्या मुलीला भेटायला निघालेला मुलगा प्रत्येक मजल्यावर दम खायला थांबतो आणि तिथल्या शेजाऱ्यांकडून तिच्याबद्दल एकेक भलतीच बातमी ऐकतो, असं ते गाणं. समोर होता बुलंद. खरं नाव त्याच्या आईलाही आठवत नसेल. आवाज असा की माईक बंद पडला तरी शेवटच्या रांगेला कळत नाही. बुलंदला चौदाशे ब्याऐंशी मतं पडली आणि ह्यांना चौदाशे शहात्तर. सहा मतांनी चिमटा गेला.

निकालाच्या दुसऱ्या दिवशी एक काटकुळा तरुण ऑफिसात आला आणि फार नम्रपणे म्हणाला, "मोजणी जरा पाहायला मिळेल का? शंका नाही. फक्त पाहायचंय."

काका बाहेर गेले होते. मी नोकरीला लागून महिना झालेला. महिनाभर जुन्या माणसाचा तोरा तीस वर्षं जुन्या माणसापेक्षा जास्त असतो. "आमच्याकडे चुका होत नाहीत," मी म्हटलं, आणि माझा तक्ता त्याच्यासमोर ठेवून दोनदा बेरीज करून दाखवली. दोन्ही वेळा सहाच.

"तुमची बेरीज फार छान आहे," तो म्हणाला. हरलेला माणूस इतकं चांगलं बोलतो याची मला सवय नव्हती. पुढच्या आठवड्यात तो परत आला. म्हणाला, एकदा बेरीज परत ऐकायची होती. दीड वर्षात आमचं लग्न झालं.

पण गिटार तोवर कपाटावर गेली होती. हे आपल्या वडिलांच्या चष्म्याच्या दुकानात बसायला लागले होते. "माझा पहिला नंबर हुकला, म्हणून आता लोकांचे नंबर काढतो," हा विनोद ह्यांचाच आहे, मी केलेला नाही. सहा मतांची गोष्ट तर ह्यांनी प्रत्येक लग्नात, प्रत्येक जेवणाच्या टेबलावर सांगितलीय. "मला सहा मावश्या. सहाही जणींना वाटलं, कार्ड दुसरी टाकेल." इथे लोक हसतात. मावश्या खऱ्या चारच आहेत, दोन गोष्टीसाठी वाढवलेल्या. गोष्ट सांगायचे, पण गायचे मात्र नाहीत. लग्नात नाही, लेकीच्या वाढदिवसाला नाही, बाथरूममध्येसुद्धा नाही. कोणी फारच आग्रह केला तर म्हणायचे, "लोकांनी मोजून सांगितलंय, गाऊ नको म्हणून." तेही हसतच. पण घरी येताना मग गाडीत बोलायचे नाहीत.

तर स्मरणिकेसाठी मी लोखंडी कपाटातून बाराव्या वर्षाचा पत्र्याचा डबा काढला. त्यात पाच दिवसांच्या मोजणीचे पाच तक्ते होते, माझ्या हस्ताक्षरातले, आणि प्रत्येकाच्या मागे टाचणीने लावलेल्या काकांच्या चिठ्ठ्या. काकांचं अक्षर पाहून बरं वाटलं. नमुन्यादाखल एखादी चिठ्ठी स्मरणिकेत छापू म्हणून मी दुसऱ्या दिवसाच्या चिठ्ठ्या सोडवल्या. बुलंदच्या चिठ्ठीवर काकांनी टपोऱ्या अक्षरात लिहिलं होतं, 'तीनशे एकोणसाठ.' तक्त्यात मी लिहिलं होतं, ३६९.

मी खुर्चीत बसले. आधीच बसलेली होते, पण परत बसले.

आता ही माझी जुनी लाज सांगायलाच हवी. माझी शाळा दुसऱ्या भाषेतली. मराठी घरात बोलायचो, पण आकडे शाळेतले. एकोणसाठ म्हणजे साठाला एक उणा, पन्नाशीतला शेवटचा, हे मला कोणी शिकवलंच नाही. कानावर 'साठ' पडलं की हात सहा लिहायचा, आणि 'एकोण' म्हणजे नऊ असणार असं मी आपलं ठरवून टाकलं होतं. लेक पहिलीत गेली आणि पाटीवर आकडे म्हणायला लागली तेव्हा मला कळलं. तोवर मी तिशीला पोचले होते. एकोणतिशीला पोचले होते असं म्हणायचीही मला भीती वाटायची. पण ही चूक आपण तेव्हा मतमोजणीतही केली असेल, हे माझ्या डोक्यात कधी आलंच नव्हतं.

मी कागद ओढला. बुलंदचे दहा कमी केले. चौदाशे बहात्तर. ह्यांचे चौदाशे शहात्तर. चार मतांनी आमचे हे जिंकले होते, अठ्ठावीस वर्षांपूर्वी, आणि त्यांचा चिमटा मी बुलंदला देऊन टाकला होता.

माणसाला हवं ते उत्तर मिळालं की तो ताळा करायचं थांबतो. मी तक्ते जसेच्या तसे डब्यात ठेवले आणि घरी निघाले.

जेवताना सांगितलं. लेकही होती.  ज्या माणसाने अठ्ठावीस वर्षं हरल्याची गोष्ट सांगितली, त्याला त्याचं हरणं माझ्या हातून झालं होतं हे सांगणं सोपं नाही. हे घास हातात धरून ऐकत होते.

"परत सांग," हे म्हणाले.

मी परत सांगितलं. लेक म्हणाली, "आई, तू बाबांना हरवलंस?"

"मी नाही, एकोणसाठने."

"चार मतांनी?" ह्यांनी विचारलं. मग हातातला घास परत ताटात ठेवला. "म्हणजे मावश्यांनी टाकली होती कार्डं," हे म्हणाले. "उगाच बिचाऱ्यांना बोल लावला."

मला वाटलं होतं, चिडतील. निदान एवढं तरी म्हणतील की आमच्याकडे चुका होत नाहीत ना. जेवून झोपायला गेले. सकाळी मी चहा गाळत होते आणि बाथरूममधून आवाज आला. आधी पाण्याचा, मग ह्यांचा. पहिला मजला, दुसरा मजला, तिसऱ्यावर सूर चिरकला, परत पहिल्यापासून. लेक दात घासायचा ब्रश तोंडात धरून दारापाशी उभी होती. तिने चोवीस वर्षांत बापाला गाताना ऐकलं नव्हतं. मी तिला हाताने खूण केली, काही बोलू नकोस.

मॅडमना सांगितलं तेव्हा त्यांना चूक दिसलीच नाही, फक्त बातमी दिसली. "अठ्ठावीस वर्षांनी न्याय," त्या म्हणाल्या. "ताई, सोहळ्यातच चिमटा देऊ. बुलंदजींच्या हस्ते. आणि ते गाणं तुमचे मिस्टर स्टेजवर गातील. मोजणी नक्की ना?"

"नक्की," मी म्हटलं. असं छातीठोक मी आयुष्यात दुसऱ्यांदा बोलले, ह्यांना बेरीज दाखवली होती त्यानंतर.

बुलंदला फोन मीच केला. त्याचा आवाज फोनपेक्षा मोठा, मी रिसीव्हर कानापासून लांब धरूनच बोलते. तो असा हसला की शेजारच्या टेबलावरचे लोक वळून पाहायला लागले. "माझ्याकडे अकरा आहेत, वहिनी. एक गेला तर फडताळावर फुलदाणीला जागा होईल. ते गातायत का परत? गातायत ना? मग झालं."

गात होते, आणि कसे. गिटार कपाटावरून उतरली, नव्या तारा आल्या, बोटांच्या टोकांना फोड आले. दुकानात गिऱ्हाइकाच्या डोळ्यांपुढे भिंग बदलता बदलता "आता स्पष्ट दिसतंय? आणि आता?" हे ह्यांचं नेहमीचं वाक्य चालीत निघायला लागलं. एक आजीबाई तर म्हणाल्या, दिसत नाही पण ऐकायला बरं वाटतं. आमच्या घरातलं वातावरण नवं लग्न झाल्यासारखं झालं होतं. मी खोटं कशाला बोलू, मला त्या तीन आठवड्यांत ह्यांच्या फार प्रेमात पडल्यासारखं झालं.

सोहळ्याला दहा दिवस राहिले आणि छापखान्याचा माणूस आला. स्मरणिकेत बाराव्या वर्षाचं पान खास करायचं होतं. "ताई, एकच तक्ता नको. पाचही दिवसांचे द्या, चिठ्ठ्यांसकट. पानभर छान दिसतील."

टाचण्या गंजल्या होत्या. मी एकेक हलक्या हाताने काढत गेले. तिसऱ्या क्रमांकावरच्या गायिकेच्या दोन चिठ्ठ्यांत 'एकोण' होता, दोन्ही ठिकाणी मी दहा दहा वाढवले होते. ती तशीही चारशे मतांनी मागे होती, तेव्हा तिचं काही बिघडलं नाही. पण माझ्या हातून गेलेला प्रत्येक 'एकोण' दहाने फुगला होता. मग पाचव्या दिवसाची ह्यांची चिठ्ठी मी टाचणी काढायच्या आधीच वाचली. 'एकशे एकोणतीस.' तक्त्यात १३९.

ह्यांचे चौदाशे सहासष्ट. बुलंदचे चौदाशे बहात्तर. सहा.

छापखान्याचा माणूस "ताई, पाणी देऊ का?" असं विचारत होता. मला रडू आलं होतं ते त्याला दिसलं असणार. एक क्षण, खरं सांगते, मी ती चिठ्ठी मुठीत धरली. एवढीशी चिठ्ठी, माझ्याशिवाय कोणाला माहीत नाही. काका नाहीत. बुलंदला फुलदाणी ठेवायला जागा झालीय. घरात सकाळी गाणं चालू आहे. ही चिठ्ठी हरवली तर कोणाचं काय नुकसान? मग वाटलं, एकदा चुकून त्यांना जिंकवलं, आता जाणूनबुजून जिंकवायचं का? आणि मग रोज सकाळी ते गाणं मी कुठल्या तोंडाने ऐकायचं? मी छापखान्याच्या माणसाला म्हटलं, "सोमवारी या," आणि रिक्षा करून दुकानात गेले.

दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. मला पाहून ह्यांनी तपासणीच्या खुर्चीकडे बोट केलं. "बस. तुझाही नंबर बदललाय बहुतेक. किती दिवस म्हणतोय."

"आधी हे वाचा," मी म्हटलं, आणि चिठ्ठी आणि तक्ता शेजारी शेजारी टेबलावर ठेवले.

हे चष्मा कपाळावर चढवून वाकले. डोळ्यांचा माणूस, दोन सेकंदांत दिसलं. तरी पुरतं मिनिटभर वाचत राहिले. मग बोटांवर काहीतरी मोजलं.

"सहा," हे म्हणाले.

"मी तेव्हाच सगळं तपासायला हवं होतं. मला जे हवं होतं ते सापडलं आणि मी थांबले. चूक माझी. दोन्ही वेळा माझीच."

तेवढ्यात एक बाई मुलाला घेऊन आल्या, आणि ह्यांनी त्या मुलाचे डोळे तपासले. भिंग बदललं, "आता स्पष्ट?" विचारलं. वाक्य साधंच निघालं, चाल नव्हती. मी कोपऱ्यात बसून ते ऐकलं आणि मला फार वाईट वाटलं. इतकं वाईट मला ते पहिल्यांदा हरले तेव्हाही वाटलं नव्हतं, पण तेव्हा ते माझे कोणी नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाथरूममधून फक्त पाण्याचा आवाज आला. लेकीने माझ्याकडे पाहिलं. मी चहात साखर दोनदा घातली.

रविवार होता. नाश्ता झाल्यावर हे म्हणाले, "तो डबा घरी आणता येईल का?"

"आणलाय," मी म्हटलं. ऑफिसचा नियम मोडून आणला होता. ह्यांनी पाचही दिवसांच्या चिठ्ठ्या जेवणाच्या टेबलावर ओळीने मांडल्या. फक्त आपल्या. बुलंदच्या बाजूला ठेवून दिल्या. मग एकेक वाचायला लागले.

"पहिल्या दिवशी तीनशे बारा. दुसऱ्या दिवशी तीनशे चाळीस. ही कार्डं घरून पेटीपर्यंत चालत जाऊन टाकायची ना?"

"हो. तिकीट लावून."

"आणि शेवटच्या दिवशी एकशे एकोणतीस." ह्यांना किंचित हसू आलं. "हे माझ्यासारखे. आठवण शेवटच्या दिवशी येते, पण येते." मग चिठ्ठी खाली ठेवून माझ्याकडे पाहिलं. "अगं, अठ्ठावीस वर्षं मी त्या सहा जणांवर रुसून बसलो होतो. नव्हतेच ते कुठे. आणि हे चौदाशे सहासष्ट जण चालत पेटीपर्यंत गेले, त्यांची मला एकदाही आठवण झाली नाही. गाणं बंद करताना त्यांना विचारलं का मी?"

मी चिठ्ठ्या सरळ करत बसले. 

"आणि दुसरं म्हणजे," हे म्हणाले, "सहाच आहेत ते बरं झालं. इतक्या लग्नांत सांगितलंय मी. चार निघाली असती तर तोंड दाखवायला जागा नव्हती."

तेव्हा लेक हसली, आणि मग मी पण. ह्यांनी गिटार मागितली. तिसऱ्या मजल्यावर सूर अजूनही चिरकत होता.

सोमवारी मॅडमकडे गेले. त्यांनी माझं ऐकून घेतलं आणि कपाळाला हात लावला. "ताई, तुम्ही हरलेल्याला जिंकवलंत, आता जिंकलेल्याला हरवताय. कार्यक्रमपत्रिका छापायला गेलीय."

"मॅडम, लोक मतं देतात ती आपण खरी मोजू म्हणून. काका असते तर त्यांनी दोन्ही चुका छापल्या असत्या."

मॅडमनी पेनचं टोपण लावलं. शेवटी म्हणाल्या, "छापा दोन्ही. आणि पुढच्या वर्षीपासून तुम्ही आकडे वाचायचे नाहीत, लिहायचे नाहीत, ऐकायचेही नाहीत. गाण्याचं काय करायचं? काढायचं?"

"ते गातो म्हणतायत," मी म्हटलं. "हरलेलं गाणं म्हणूनच गातो म्हणतायत."

मॅडमनी पत्रिका परत मागवली.

सोहळा मोठ्या सभागृहात होता, दिवे, कॅमेरे, सगळं. काकांच्या वेळचं काही उरलं नव्हतं, एक मी सोडून. मी लेकीबरोबर सातव्या रांगेत बसले होते आणि निवेदकाने कागदावरचं वाचलं, "आता ऐकूया, बाराव्या वर्षी सहा मतांनी हरलेलं गाणं. मोजणी दोनदा चुकली, निकाल मात्र तोच राहिला." सभागृह हसलं. हे स्टेजवर आले. कोट नवा होता आणि खांद्यात थोडा आखूड.

पहिला मजला बरा गेला. दुसऱ्यावर लोकांना गाणं आठवलं. माझ्या पुढच्या रांगेतली एक पोक्त बाई शेजारणीला म्हणाली, "अगं, हे तेच. मी ह्यालाच कार्ड टाकलं होतं." तिसऱ्या मजल्यावर सूर चिरकायचा तसा चिरकला. हे थांबले, छातीवर हात ठेवून दम लागल्यासारखं केलं, कारण गाण्यातला मुलगाही तिथे दमतोच, आणि लोकांना वाटलं हे मुद्दामच. मग पहिल्या रांगेतून बुलंदने चौथा मजला उचलला, माईकशिवाय, आणि पाचव्यावर सगळं सभागृह गात होतं. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि मला ते पुसावंसंही वाटलं नाही.

पुढचा पुरस्कार पुकारला गेला तेव्हा हे बाजूच्या दाराने येऊन माझ्या शेजारी बसले. घामाघूम झाले होते. गिटार दोन पायांमध्ये धरली आणि माझ्याकडे वाकून हळूच विचारलं, "किती जण गात होते गं?"

"मोजले नाहीत," मी म्हटलं.

"शहाणी आहेस," हे म्हणाले. "तू मोजूच नकोस."